पेटीचा भाता आणि तुझा पियानो

चि. छकुलीस,
अनेक आशीर्वाद.

तुझी फिल्म ग्रामपंचायतीच्या टीव्हीवर लावली होती. पंधरा-सोळा माणसं जमली. "कोणी शिकवलं नाही, मोबाइलवर पाहून पाहूनच शिकली," असं आई येईल त्याला सांगत होती. तू नोकरी सोडलीस तेव्हा मी मात्र चार महिने लोकांना 'घरूनच काम करते' म्हणून सांगत होतो. ते जाऊ दे.

आता थोडी बोलणी खा.

पवनीच्या त्या कोष्टी म्हातारीच्या मागाजवळ तू कॅमेरा किती जवळ नेलास! धोटा फेकताना तिचा अंगठा दिसतो, नख घासून अर्धं झालेलं. पन्नास वर्षं मी पवनीच्या बाजाराला जातो, पण हे कधी पाहिलं नव्हतं. मग त्याच्यावर पियानो काहून लावलास, पोरी? मागाची खटखट, मधेच तिचा खोकला, बाहेर कोणी कोंबडी हाकलतंय. सगळं त्या पियानोखाली बुडालं. आम्ही लहानपणी त्या गल्लीतून जायचो तेव्हा कोणाच्या घरी माग चालू आहे अन् कोणाच्या घरी बंद पडला, ते रस्त्यावरूनच कळायचं.

दुसरं, ती म्हणते "मले काहून इचारता", अन् तू खाली पट्टीत लिहिलंस, 'मला का विचारता'. मराठीची मराठी कशाला करायची? इथे तर सगळे हसले.

पवनीच्या जगन्नाथ टेकडीचा बौद्ध स्तूप 1969-70 च्या खोदकामात निघाला, हे बरोबर सांगितलंस. पण तिथे टोपल्या उचलायला गेलेला एखादा म्हातारा अजून असेल, तो शोध. मी तेव्हा चौथीत होतो. मास्तरांनी पाचवीच्या पोरांना पाहायला नेलं, आम्हाला नेलं नाही, एवढंच माझ्या लक्षात आहे.

आणि दिवाळीत आत्याकडे चल. राजीव गांधींनी 1988 ला गोसेखुर्द धरणाची पायाभरणी केली त्याच साली ती लग्न होऊन त्या गावात गेली. आता गाव धरणाच्या पाण्यात, माणसं पुनर्वसनात. दिवाळीनंतरची मंडईची जत्रा मात्र तिथंही भरते, दिवसा दंडारीचा नाच, रात्री नाटक. तिचा दीर साठी उलटली तरी लुगडं नेसून नाचतो. मागच्या वर्षी चष्मा काढायचा विसरला अन् तसाच फडावर गेला. कॅमेरा लावशील तर त्याला आधी सांगू नको, नाहीतर दाढी करून, मिशीला रंग लावून येईल.

हलकं धान तोवर निघालेलं असेल, जड धान उभंच राहील, म्हणून भाऊबीजेनंतर दोन दिवस मला मोकळे आहेत. दंडारीत पेटी मीच धरीन म्हणतो. भात्याला उंदरानं भोक पाडलंय, तेव्हा येताना रेक्झिनचा हातभर तुकडा अन् फेविकॉल आण. काळी दोनची पट्टी दाबली की अडकते, ती तशीच राहू दे.

तुझा,
बाबा