पावसाळ्यापुरतं विश्रामबागला

ती. आई-बाबांस,
सा. न. वि. वि.

फोनवर विषय काढला की बाबा "बघू" म्हणतात आणि आई भाजी काय केलीस ते विचारते, म्हणून लिहितेय. सांगलीतच, विश्रामबागचा तो फ्लॅट मी भाड्यानं घेतलाय. डिपॉझिट भरलं, किल्लीही मिळाली. जून ते सप्टेंबर तुम्ही तिथं राहायचं. गावभागातलं घर कुणी विकत नाहीये, नुसतं कुलूप लागेल.

2019 च्या पुरात आयर्विन पुलापाशी कृष्णेचं पाणी 57 फुटांवर गेलं, धोक्याची पातळी 45 असताना. भिंतीवरच्या चिखलाच्या रेघेपाशी बाबांनी पेन्सिलीनं तारीख घातली, रंगाऱ्यालाही पुसू दिली नाही. बोटीत आई देवांचा डबा मांडीवर धरून बसली होती आणि मी पुण्यात टीव्हीवर आपली गल्ली शोधत होते. 2021 ला पुन्हा तेच. आता त्या गुडघ्यांनी बाबांना बोटीत चढवायचं नाही.

लेकीच्या पैशावर कसं राहायचं, हे तुम्ही बोलत नाही, पण मला कळतं. आई, माझ्या इंजिनिअरिंगसाठी पाटल्या मोडल्यास तेव्हा 'परक्याचं धन' म्हणाली नाहीस. बाबा, जन्म कोर्टात गेला तुमचा. आईवडिलांना सांभाळायची जबाबदारी 2007 च्या कायद्यात मुलीवरही आहे, हे मी तुम्हाला काय सांगू? अर्थात मी काही कायद्यासाठी करत नाहीये. पगार माझा आहे, आणि घरी सगळ्यांशी बोलून ठरवलंय. सासूबाई तर श्रावणात राहायलाच येणार आहेत तुमच्याकडे.

लिफ्ट आहे. कमोडशेजारी धरायला दांडी बसवून घेतलीय. देवघर पूर्वेच्या भिंतीला लागेल, बाल्कनीत तुळशीला सकाळचं ऊन येतं. संकष्टीला गणपतीला न्यायला रिक्षा ठरवलीय. नदी मात्र दिसत नाही. बाबा, सायकलच्या दांडीवर बसवून मला हरिपूरला संगमावर न्यायचात ना, उघडीप असली की आता मी तुम्हाला गाडीनं नेईन. येताना भडंग घेऊ.

आता ऐका. बीपीच्या गोळ्या, मिरजेच्या डॉक्टरांची फाईल आणि पेन्शनचं पासबुक एकाच पिशवीत ठेवा. दादाला मी सांगितलंय, त्याच्याशी वाद नको. मेच्या शेवटच्या रविवारी टेम्पो घेऊन येते. आई, लोणच्याच्या बरण्या मी उचलीन, तू हात लावायचा नाहीस. टेम्पोवाल्याला चहा दे, पोहे करत बसू नकोस.

तुमची,
चिमी