पाव पायाचा नव्हे

महोदय,

‘पावाचं पीठ पायांनी तुडवत, म्हणून त्याला पाव म्हणतात’ असा मजकूर आमच्या गल्लीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर तिसऱ्यांदा आला. म्हणून हे पत्र.

पाव पोर्तुगीजांकडून आला. त्यांच्या भाषेत भाकरीला ‘पांव’ म्हणतात. बटाटाही त्यांचाच. पावशेरातला ‘पाव’ मात्र संस्कृत ‘पाद’पासूनचा, म्हणजे चौथा भाग. पायाशी नातं असेलच तर ते या दुसऱ्या पावाचं. (आम्ही कोल्हापूरकर मिसळीबरोबर ब्रेडच खातो, ते सोडा!)

मी एसटीत वाहक होतो. निपाणी-बेळगाव मार्गावर नवा होतो तेव्हाची गोष्ट. एका म्हाताऱ्या बाबांचं भलं मोठं पोतं टपावर चढवताना विचारलं, “बाबा, काय हाय ह्यात?” ते म्हणाले, “हत्ती.” मला वाटलं, म्हातारा चेष्टा करतोय. मागच्या सीटवरच्या अक्का हसून म्हणाल्या, “अवो मास्तर, कापूस हाय त्यो.” कन्नडमध्ये हत्ती म्हणजे कापूस! तसंच ‘कोळी’ म्हणजे कोंबडी आणि ‘बाळे’ म्हणजे केळ. आपण थोरल्या बहिणीला ताई म्हणतो, तर तिकडे ‘तायी’ म्हणजे आई. उलट तूप आणि त्यांचं ‘तुप्प’ एकच.

तेव्हा नुसता आवाज जुळला म्हणून नातं जोडू नये. आपल्या अंकात शब्दांच्या उगमावर आठवड्याला चार ओळींची चौकट सुरू करावी, ही विनंती. सुरुवात अडकित्त्यापासून करा. कन्नडमध्ये सुपारीला ‘अडिके’ म्हणतात.

– एक निवृत्त वाहक, कसबा बावडा, कोल्हापूर