मी हे कधी निवडले?

प्रिय सुहास,

सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र मिळाले. चार पाने लिहून तू शेवटी एकच प्रश्न विचारला आहेस, आणि तोही चिडून: "मी हे कधी निवडले?" 'सायलेंट हिल २' हा भयकथेचा व्हिडिओ गेम तू पहिल्यांदाच पूर्ण केलास, त्याच्या नायकाला, जेम्सला, धुक्यातून, इस्पितळातून आणि तळ्याकाठच्या त्या हॉटेलातून जिवंत बाहेर काढलेस, आणि एवढे करून शेवटी त्याने गाडी तळ्यात घातली. जगायचे की मरायचे असे तुला संपूर्ण खेळात कोणीही विचारले नव्हते, मग हा शेवट तुझ्या माथी का मारला, अशी तुझी तक्रार आहे. तिचे उत्तर तुझ्याच पत्राच्या दुसऱ्या पानावर आहे. तिथे तू मोठ्या अभिमानाने लिहिले आहेस की शेवटच्या लढाईपर्यंत पोचलास तेव्हा हेल्थ ड्रिंकच्या चोवीस बाटल्या तुझ्याकडे शिल्लक होत्या, आणि जखमी जेम्समुळे कंट्रोलर हातात धडधडत असतानाही तू त्यांतली एकही उघडत नव्हतास, कारण पुढे कधी लागतील ते सांगता येत नाही. निवड तू तिथेच केलीस.

गेमने तुला काही विचारले नाही हे खरे, पण तो सगळा वेळ तुझ्याकडे पाहत होता. पडद्यावर दोन पर्याय मांडून एकावर बोट ठेवायला लावण्याची पद्धत २००१ साली नवी नव्हती. कोनामीच्या टीम सायलेंटने ती बाजूला ठेवली आणि आत एक खतावणी उघडली. जखम झाली की लगेच औषध घेतलेस, तर ते 'लीव्ह' या, जेम्स जिवंत निघून जातो त्या शेवटाच्या खात्यावर जमा होते. रक्तबंबाळ अवस्थेत तसाच हिंडत राहिलास, तर 'इन वॉटर'च्या, म्हणजे तुला मिळालेल्या शेवटाच्या. जेम्सच्या मृत पत्नीचा, मेरीचा, फोटो आणि तिचे पत्र सामानातून काढून पाहिलेस, तर पुन्हा 'लीव्ह'च्या. शेवटाकडे एक लांब मार्गिका आहे आणि तिथे मेरीचा आवाज ऐकू येतो. तो पूर्ण ऐकून घेतलास की भराभर पुढे निघून गेलास, याचीही नोंद होते.

अँजेलाने जेम्सच्या हाती सोपवलेला सुरा तुला आठवत असेल. तो शस्त्र म्हणून वापरता येत नाही आणि त्याने कोणतेही कोडे सुटत नाही. तो नुसता सामानात पडून असतो, आणि पाहायचा म्हटला तर उघडून पाहता येतो. सामानातली एखादी वस्तू उगाच न्याहाळणे याला आपण खेळाडू कृती मानतच नाही. पण हा सुरा पाहिला की तेही 'इन वॉटर'च्या खात्यात जाते. जीव द्यायला निघालेल्या मुलीचा सुरा जो माणूस पुन्हा पुन्हा हातात घेऊन पाहतो त्याच्या मनात काय घोळत असेल, हा तर्क गेम मनाशीच करतो. मेरीच्या पत्राचेही तसेच. तू ते सुरुवातीला एकदा वाचून बाजूला ठेवले असणार. कथा पुढे सरकते तशी त्यावरची अक्षरे नाहीशी होतात, कागद कोरा होतो आणि अखेरीस ते सामानातूनच गायब होते. त्याविषयी कोणी चकार शब्द काढत नाही. ज्याने मधूनमधून पत्र उघडले त्यालाच ते कळते, आणि जो ते उघडतो त्याची मेरीशी असलेली गाठ गेम पक्की धरतो.

माझी गोष्ट तुझ्याहून वेगळी नाही. मला पहिल्या खेपेला 'मारिया' हा शेवट मिळाला होता, आणि मीही तुझ्याइतकाच चिडलो होतो. मेरीला मी विसरलो नव्हतो. विसरलो असे निदान मला तरी वाटत नव्हते. पण मारिया बरोबर चालत असताना मी दर चार पावलांवर थांबून ती मागे राहिली नाही ना हे पाहत असे, राक्षस आला की तिच्या आणि त्याच्या मध्ये उभा राहत असे, आणि इस्पितळात ती थकून पलंगावर आडवी झाली तेव्हा तिची विचारपूस करायला त्या खोलीत दोनदा परत गेलो. मला तो साधा माणुसकीचा भाग वाटत होता. जेम्सच्या कथेत मात्र त्याचा अर्थ असा होतो की मृत पत्नीचे पत्र हातात घेऊन निघालेला नवरा तिच्यासारख्याच दिसणाऱ्या दुसऱ्या बाईत गुंतत चालला आहे. शेवटी मारिया गाडीकडे जाताना खोकते, आणि तो खोकला आपण आधी मेरीच्या तोंडून ऐकला होता हे लक्षात आल्यावर मी कंट्रोलर खाली ठेवून बराच वेळ तसाच बसून राहिलो.

तरी तुझ्या रागात एक गोष्ट अगदी रास्त आहे, आणि या गेमवर माझे कितीही प्रेम असले तरी मी ती नाकारणार नाही. सर्व्हायव्हल हॉरर, म्हणजे मोजक्या साधनांवर तग धरायला लावणारे भयाचे गेम, हा प्रकार आपल्याला पहिल्या दिवसापासून काटकसर शिकवतो. १९९६ च्या 'रेसिडेंट ईव्हिल'मध्ये गोळ्या मोजक्या, सामानाला जागा मोजकी, आणि सेव्ह करायचे तर टंकलेखन यंत्रासाठी शाईची रिबीन लागणार, तीही मोजकीच. अशा शाळेत शिकून आलेला खेळाडू औषध जपून वापरणारच. काटकसर आणि निराशा यांतला फरक खतावणीला कळत नाही, कारण तिला फक्त आकडा दिसतो, हेतू दिसत नाही. तुला मिळालेला शेवट या अर्थाने चुकीच्या निदानावर आधारलेला आहे. पण माझ्या मते या चुकीतच त्याची ताकद आहे. तळ्यात गाडी गेल्यावर तू मागे वळून स्वतःचे वागणे तपासू लागलास, चार पाने लिहिलीस, आणि त्यात नकळत कबूल केलेस की जेम्सची वेदना तुझ्या लेखी एका बाटलीच्या किमतीची नव्हती. 'होय' किंवा 'नाही' निवडून मिळालेल्या शेवटाने तुझ्याकडून हे वदवून घेतले नसते.

अनेक शेवटांची ही कल्पना बरीच जुनी आहे, आणि तिची सुरुवात फार साध्या हिशेबाने झाली. कॅपकॉमच्या १९८९ सालच्या 'स्वीट होम'मध्ये पाच जण एका झपाटलेल्या वाड्यात जातात, मेलेला परत येत नाही, आणि अखेरीस किती जण जिवंत उरले त्यावरून पाचांपैकी एक शेवट दिसतो. पहिल्या 'रेसिडेंट ईव्हिल'मध्येही हिशेब मुख्यतः कोणाला सोडवले आणि कोण मागे राहिले याचाच आहे. तिसऱ्या भागात, १९९९ साली, त्यांनी पडदा पांढरा करून दोन पर्याय आणि थोडे क्षण देण्याची युक्ती आणली. घाबरून तुम्ही काहीच निवडले नाही, तरी घड्याळ थांबत नाही आणि पुढचे तसेच घडते. ही युक्ती मला आवडते, पण तिच्यात मन गुंतत नाही.

त्याच वर्षीच्या पहिल्या 'सायलेंट हिल'चे मात्र वेगळे आहे. इस्पितळात जमिनीवर एक लाल द्रव सांडलेला असतो. रिकामी प्लास्टिकची बाटली जवळ असेल तर तो भरून घेता येतो. नसेल तर या भागाचा नायक हॅरी पुढे निघून जातो आणि खेळाडूला काही राहून गेल्याची जाणीवही होत नाही. कित्येक तासांनी, करमणूक बागेतल्या फिरत्या घोड्यांच्या चक्रावर, तुला मदत करणारी सिबिल दुसऱ्याच कोणाच्या ताब्यात जाऊन तुझ्यावर पिस्तूल रोखते. बाटली असेल तर ती वाचते, नसेल तर तिला मारावे लागते. या एका बाटलीवर आणि कॉफमन नावाच्या एका नकोशा माणसाच्या मागे तू कुठवर गेलास यावर चार शेवट उभे आहेत, आणि त्यांतल्या सर्वांत वाईट शेवटात हॅरी पहिल्याच अपघातात मोडलेल्या गाडीत निपचित पडलेला दिसतो. इथली शिक्षा खेळाडूच्या स्वभावाला होत नाही, त्याच्या दुर्लक्षाला होते. मला ही थोडी अन्यायाची वाटते, कारण लाल डाग पाहून बाटली आठवणे हे कौशल्य आहे, चारित्र्य नव्हे.

तिसऱ्या 'सायलेंट हिल'मधला (२००३) एक प्रसंग सांगतो, कारण तिथे प्रश्न सरळ विचारला जातो आणि तरीही खेळाडू फसतो. या भागाची नायिका हेदर चर्चमधल्या कबुलीजबाबाच्या खोक्यात जाऊन बसते. जाळीपलीकडून एका बाईचा आवाज येतो. मुलीच्या मृत्यूचा सूड म्हणून आपण खून केला असे ती सांगते आणि क्षमा मागते. पडद्यावर पर्याय येतात: क्षमा करायची, की काही न बोलता बसायचे. हेदर स्वतः बापाच्या खुनाचा सूड घ्यायला निघालेली आहे, हे ध्यानात ठेव. कोणीही भला माणूस क्षमा करेल, आणि नेमकी तीच क्षमा 'पझेस्ड' या वाईट शेवटाकडे गुण वाढवते. मी यावर पुष्कळ विचार केला आहे. हेदरच्या पोटात जो देव वाढतो आहे त्याच्या वतीने क्षमा करणे म्हणजे त्याची जागा घेणे, असा अर्थ मी लावतो. तो बरोबर असेलच असे नाही, पण उत्तर आपल्याला वाटते तितके निरुपद्रवी नव्हते ही बोच राहते.

याच्या अगदी दुसऱ्या टोकाला 'अन्टिल डॉन' आहे. सुपरमॅसिव्ह गेम्सच्या या २०१५ च्या गेममध्ये आठ तरुण आहेत. आठही वाचू शकतात आणि आठही मरू शकतात. हा गेम काहीच लपवत नाही. तुझ्या निर्णयाने पुढचे काही बदलले की कोपऱ्यात फुलपाखरांची खूण उमटते. सेव्ह आपोआप होत असल्यामुळे एखादा मेला म्हणून मागे जाऊन त्याला वाचवताही येत नाही. मला त्यातली एकच गोष्ट खरोखर थरारक वाटली. काही ठिकाणी प्राणी समोर उभा असतो आणि हातातला कंट्रोलर जराही हलू द्यायचा नसतो. त्या वेळी निवडण्यासारखे काही उरत नाही. तुझे मनगट थरथरले की पात्र मरते. शेवटच्या प्रसंगात किती जण उजाडेपर्यंत टिकतात हे अशाच स्थिर हातावर ठरते, आणि स्वतःच्या नाडीचे ठोके कंट्रोलरमध्ये जातील की काय अशी भीती मला तिथे वाटली होती.

शेवट बदललाच पाहिजे असेही नाही. त्याच वर्षी आलेल्या 'सोमा' या गेममध्ये नायक सायमनच्या मनाची नक्कल दुसऱ्या शरीरात चढवली जाते आणि जुना सायमन खुर्चीत झोपलेला राहतो. त्याला बंद करायचे की एकट्याने जागे होऊ द्यायचे, हे तुझ्यावर सोडलेले असते. तू काहीही केलेस तरी कथेचा शेवट तोच राहतो, कोणी शाबासकी देत नाही की दूषण देत नाही. मी त्याला बंद केले. ते योग्य होते की नाही हे मला आजही ठरवता आलेले नाही, आणि तिथे खतावणी नसल्यामुळे उत्तर विचारायलाही कोणी नाही.

एक व्यावहारिक अडचण राहिलीच. प्रत्येक शेवटाला वेगळी दृश्ये आणि वेगळे संवाद लागतात, म्हणून बहुतेक गेम वाटेत फाटे फोडतात आणि पुढे ते गुपचूप एकत्र आणतात. 'रेसिडेंट ईव्हिल ७'मध्ये (२०१७) औषधाची एकच मात्रा नायकाची बायको मिया आणि त्याला मदत करणारी झोई यांपैकी कोणाला द्यायची हा निर्णय घेताना माझा जीव वरखाली झाला होता. २०२१ साली पुढचा भाग आला तेव्हा मी मियाला वाचवले होते असे गृहीत धरूनच तो सुरू झाला. ज्यांनी झोईला निवडले त्यांचा गेम जणू घडलाच नव्हता. याचा मला राग येतो, पण उपाय मलाही सुचत नाही.

तू बाकीच्या शेवटांच्या अटींची यादी मागितली होतीस. ती मी जोडलेली नाही, आणि वर जे सांगून बसलो तेही जास्तच झाले. सध्या माझी चौथी खेळी चालू आहे. परवा सामान चाळताना तो सुरा समोर आला, आणि बटणावर अंगठा ठेवून मी थांबलो. कारण तो पाहिला तर काय जमा होते हे आता मला माहीत आहे. तेव्हापासून मी जेम्ससारखा वागेनासा झालो आहे, हिशेबनीसासारखा वागतो आहे. तुझे तसे होऊ नये.

ब्लूबर टीमने २०२४ साली केलेल्या 'सायलेंट हिल २'च्या नव्या आवृत्तीत आणखी दोन शेवट घातलेले आहेत. मी ती अजून खेळलेलो नाही आणि त्या शेवटांविषयी काही वाचायचे मुद्दाम टाळले आहे. तू आधी खेळलास तर तुला कोणता मिळाला तेवढे लिही. कसा मिळाला ते लिहू नकोस. आणि त्या चोवीस बाटल्यांतली एखादी तरी या वेळी उघड.

तुझा,
निरंजन