सैनिकी तलावात सराव आणि शर्यत यांच्यामध्ये पाण्याला वेळ द्या

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

लष्करी आवारातील जलतरण तलाव स्पर्धांसाठी वापरावेत, ही सूचना अधूनमधून पुढे येते आणि ती योग्यच आहे. तिथे ५० मीटर लांबी असते, शिस्त असते, जीवरक्षक हजर असतात. मात्र सकाळी जवान गणवेश, बूट आणि पाठीवरचा पॅक घेऊन ज्या पाण्यात उतरले, त्याच पाण्यात दुपारी शतांश सेकंदावर निकाल लागणारी शर्यत भरवणे चुकीचे आहे. दोन्ही कामे एका तलावात होऊ शकतात. मध्ये पाण्याला निवळायला वेळ हवा आणि तो वेळापत्रकात लेखी नोंदलेला हवा. प्रत्यक्षात पहिली काटछाट याच वेळेवर होते, म्हणून हे सविस्तर पत्र.

५० मीटर लांब, २५ मीटर रुंद आणि सरासरी २ मीटर खोल तलावात २,५०० घनमीटर, म्हणजे २५ लाख लिटर पाणी मावते. पंपाने एवढे पाणी चार तासांत फिल्टरमधून काढायचे, तर ताशी ६२५ घनमीटर प्रवाह लागतो. ‘चार तासांत पाणी फिरले, म्हणजे तलाव स्वच्छ झाला’ हा समज इथेच फसतो. गाळून आलेले पाणी तलावातल्या न गाळलेल्या पाण्यात मिसळत राहते, त्यामुळे तेच पाणी पुन्हा पुन्हा फिल्टरकडे जाते आणि काही पाणी तिथवर पोचतच नाही. पाणी नीट मिसळत असेल तर एका फेरीत, म्हणजे तलावाएवढे पाणी एकदा फिल्टरमधून गेले की, सुमारे ६३ टक्के पाणी गाळले जाते, दोन फेऱ्यांत ८६ टक्के आणि तीन फेऱ्यांत ९५ टक्के. गणवेशातील सरावानंतर किमान तीन फेऱ्या धरल्या तर चार तासांच्या यंत्रणेला १२ तास लागतात आणि सहा तासांच्या जुन्या यंत्रणेला १८. याचा सरळ अर्थ असा, की सराव आदल्या दिवशी दुपारपूर्वी आटोपला पाहिजे.

फिल्टर फक्त पाण्यात तरंगणारी घाण पकडतो. बुटांच्या तळव्यातून आलेली माती तळाला बसते. ती व्हॅक्यूमनेच उचलावी लागते, आणि तेही फिल्टरकडे न पाठवता थेट सांडपाण्यात सोडून. अगदी बारीक चिकणमाती वाळूच्या थरातून आरपार जाते. तिच्यासाठी फिल्टरच्या आधी तुरटीवर्गातले रसायन अत्यल्प प्रमाणात आणि सतत सोडावे लागते, म्हणजे कण एकमेकांना चिकटून मोठे होतात. ते एकदम बादलीने ओतले तर पाणी आणखी पांढुरके होते. फिल्टरमध्ये शिरणाऱ्या आणि बाहेर पडणाऱ्या पाण्याच्या दाबातला फरक स्वच्छ अवस्थेपेक्षा ०.३ ते ०.५ बारने वाढला की बॅकवॉश करायचा, म्हणजे उलट दिशेने पाणी सोडून फिल्टरची वाळू धुवायची. तो शर्यतीच्या सकाळी करू नये. नुकतीच धुतलेली वाळू सुरुवातीला बारीक कण जास्त सोडते, आणि फेकलेल्या पाण्याच्या जागी घेतलेले ताजे पाणी तलावाचे तापमानही खाली आणते.

कपड्यांबरोबर पाण्यात काय काय उतरते, हे काठावरून पाहणाऱ्याच्या लक्षात येत नाही. घाम, कांजी, कपड्यांत राहिलेला साबण, बुटांचे पॉलिश, सरावाच्या नकली रायफलीला लागलेले तेल. साबणामुळे फेस येतो, पॉलिश आणि तेल काठाच्या फरशीवर काळपट रेघ सोडतात, आणि घामातील नायट्रोजनयुक्त घटक क्लोरीनशी जोडले जाऊन क्लोरामाइन तयार होतात. नाकात जाणारा, डोळे चुरचुरवणारा तो ‘क्लोरीनचा वास’ खरे तर क्लोरामाइनचा असतो. वास आला म्हणून क्लोरीन कमी करणारे कर्मचारी आजही भेटतात. त्या वेळी उलट मोकळा, म्हणजे जंतू मारायला शिल्लक असलेला, क्लोरीन वाढवून ताजे पाणी घ्यायचे असते.

चाचणीच्या डीपीडी गोळ्यांपैकी पहिल्या क्रमांकाची गोळी मोकळा क्लोरीन दाखवते. त्याच नमुन्यात तिसऱ्या क्रमांकाची टाकली की एकूण क्लोरीन कळतो. दोहोंतील फरक म्हणजे बांधला गेलेला, क्लोरामाइनमध्ये अडकलेला क्लोरीन. तो मोकळ्याच्या निम्म्याहून कमी हवा आणि लिटरला १ मिलिग्रॅमच्या आत हवा. पीएच, म्हणजे पाण्याची आम्लता दाखवणारा आकडा, ७.२ ते ७.६ दरम्यान ठेवावा. पीएच ७.५ च्या आसपास जंतू मारणारा क्लोरीनचा प्रभावी भाग निम्मा असतो. पीएच ८ झाला की तो पाव भागाच्याही खाली जातो, पण मोकळ्या क्लोरीनचा आकडा तसाच चांगला दिसतो. म्हणून फलकावर नुसता क्लोरीन लिहून भागत नाही, पीएचही लिहिला पाहिजे. साबण लावून अंघोळ, आणि तलावासाठी वेगळा, साध्या पाण्यात धुतलेला गणवेश व बूट, एवढ्या नियमाने निम्मा त्रास दारातच थांबतो. शिवाय माणशी रोज सुमारे ३० लिटर ताजे पाणी मिसळण्याचा प्रघात आहे. शंभर जवान उतरले तर ३,००० लिटर.

पाणी नितळ असण्याचा संबंध पोहणाऱ्याच्या जिवाशी आहे. तलावाच्या तळाशी प्रत्येक लेनच्या मधोमध गडद पट्टा असतो. हिरव्या किंवा ठिपक्यांच्या गणवेशातला जवान बेशुद्ध होऊन त्या पट्ट्यावर पडला आणि पाणी किंचित जरी गढूळ असले, तरी पृष्ठभागावरच्या लाटांमधून तो काठावरून दिसत नाही. उघड्या अंगाचा पोहणारा त्या मानाने लवकर नजरेत येतो. म्हणून सरावात प्रत्येकाच्या डोक्यावर भडक रंगाची टोपी हवी, पाण्यात उतरलेला स्वतंत्र सुरक्षा-पोहणारा हवा, आणि सर्वांत खोल भागातली पाणी शोषणारी जाळी काठावरून स्पष्ट दिसत नसेल तर सराव तिथल्या तिथे थांबला पाहिजे. हा निर्णय जीवरक्षकाचा असावा. त्यासाठी त्याला कोणत्याही हुद्द्याच्या अधिकाऱ्याची परवानगी लागू नये.

श्वास रोखून पाण्याखालून पोहण्याच्या सरावाला तर याहून कडक नियम हवेत. डुबकीपूर्वी भराभर खोल श्वास घेतले की रक्तातला कार्बन डायऑक्साइड उतरतो. श्वास घेण्याची निकड त्याच वायूमुळे जाणवते. ती जाणवेपर्यंत ऑक्सिजन संपतो आणि पोहणारा कोणतीही खूण न करता बेशुद्ध होतो. धडधाकट, जिद्दी जवानांनाच हा धोका जास्त, कारण थांबायचे नाही असेच त्यांना शिकवलेले असते. भराभर श्वास घेण्यावर पूर्ण बंदी, एका पोहणाऱ्यावर एकाची नजर, दोन प्रयत्नांमध्ये पुरेशी विश्रांती आणि कोण जास्त वेळ टिकतो अशी पैज नाही, हे चार नियम फलकावर मोठ्या अक्षरांत हवेत.

कपड्यांसह पोहायला शिकवण्याचा क्रम ठरलेला आहे: आधी नुसता गणवेश, मग बूट, मग पट्टे आणि पाऊच, रायफल सर्वांत शेवटी. ओले कपडे पाण्यात फारसे जड होत नाहीत, कारण त्यात भरलेल्या पाण्याला पाण्यातच वजन नसते. ते पाण्याचा विरोध वाढवतात. वजन जाणवते ते काठ चढताना, आणि दमलेला माणूस घसरतो तो नेमका तिथे. म्हणून प्रशिक्षकाने शेवटच्या दोन मीटरवर उभे राहावे. पँटचा तरंगता आधार करताना दोन्ही पायांच्या टोकांना मिळून एक घट्ट गाठ मारतात, बटणे लावतात, कंबर उघडी धरून डोक्यावरून पुढे झटक्यात आपटतात आणि पाण्याखाली मूठ आवळतात. सुती कापड ओले असेपर्यंतच हवा धरते. काही मिनिटांत ती झिरपून जाते, म्हणून वरून पाणी शिंपडत राहावे लागते आणि हवा पुन्हा भरावी लागते. पॅकचे आतले सामान जलरोधक पिशवीत नीट बंद केलेले असेल तर पॅक स्वतःच तरंगतो आणि त्यावर हात टाकून जाता येते. तोंड उघडे राहिले तर तोच ओझे होतो. सुटे पट्टे आणि नाड्या आत खोचलेल्याच हव्यात. तळाच्या शोषणजाळीत पट्टा अडकला तर तो सोडवणे माणसाच्या ताकदीपलीकडचे असते. एकाच पंपाला एकमेकींपासून दूर असलेल्या किमान दोन जाळ्या जोडलेल्या असाव्यात, म्हणजे एक झाकली गेली तरी ओढ दुसरीकडे वळते. तुटलेल्या किंवा सैल जाळीवर तलाव एक तासही चालू ठेवू नये.

स्पर्धेच्या बाजूने पाहिले तर मोजमापात मुळीच सूट नाही. लांबी ५० मीटरपेक्षा एक मिलिमीटरही कमी चालत नाही. स्पर्श नोंदवणारे टच पॅड सुमारे एक सेंटिमीटर जाड असते. दोन्ही टोकांना लावायचे तर भिंतींमधले अंतर ५०.०२ मीटर हवे. भिंती नेमक्या ५० मीटरवर बांधल्या आणि नंतर पॅड आणले, की तलाव दोन सेंटिमीटर आखूड होतो आणि त्यावरचे विक्रम मान्य होत नाहीत. फरशी बदलताना जाड चुना-सिमेंटाचा थर आला तरी हेच होते. १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये ४०० मीटर मिश्र प्रकारात स्वीडनच्या गुन्नर लार्सनने अमेरिकेच्या टिम मॅकीला ०.००२ सेकंदाने हरवले. त्यानंतर सहस्रांश सेकंदावर निकाल देणे बंद झाले, कारण तेवढ्या वेळात कापले जाणारे काही मिलिमीटरचे अंतर सर्व लेनमध्ये सारखे बांधणेच शक्य नसते. सैनिकी तलावात लांबी बदलणारी सरकती आडवी भिंत बसवलेली असेल, तर ती हलवल्यावर प्रत्येक लेनची लांबी पुन्हा मोजलीच पाहिजे.

सरावाचा मार बसतो तो याच भागांवर. बुटाच्या टाचेने टोकाच्या भिंतीच्या फरशीचा टवका उडतो आणि त्या धारेवर वळण घेणाऱ्याचा तळवा कापतो. पॅड भिंतीवर तसेच राहिले तर त्यांचे पत्रे वाकतात. मग ते नुसत्या लाटेने चालू होतात किंवा खऱ्या स्पर्शाला दाद देत नाहीत. स्टार्टिंग ब्लॉकला (सूर मारायच्या चौथऱ्याला) चढण्याची जाळी बांधली की त्याचे बोल्ट सैल होतात, आणि हलणारा ब्लॉक स्पर्धेला चालत नाही. लष्करी पेंटॅथलॉनमध्ये ५० मीटरवर चार अडथळे पार करत पोहायचे असते. हे अडथळे लेनदोरीच्या कड्यांना अडकवण्याची सवय सर्रास दिसते. ती कडी दोरीच्या ताणापुरतीच असतात. अंगाचा भार पडला की भिंतीतून उपटून येतात. अडथळ्यांसाठी वेगळी कडी बसवावीत आणि पॅड, लेनदोऱ्या व बॅकस्ट्रोकचे झेंडे सरावाआधी काढून ठेवावेत. झेंडे परत लावताना टोकाच्या भिंतीपासून ५ मीटर हे अंतर टेपने मोजावे. पाठीवर पोहणारा झेंड्यापासून हात मोजत भिंतीला येतो. झेंडा अर्धा मीटर सरकलेला असेल तर त्याचे डोके भिंतीवर आदळते.

खोली मात्र आराखड्याच्या कागदावरच ठरवावी लागते. नंतर काही करता येत नाही. ब्लॉकवरून सूर मारायच्या टोकाला किमान १.३५ मीटर आणि मोठ्या स्पर्धांना संपूर्ण तलावात किमान २.५ मीटर खोली लागते; पूर्वी ही मर्यादा २ मीटर होती. उथळ पाण्यात लाट तळावर आपटून परत येते आणि पोहणाऱ्याला अडवते. पॅरिस २०२४ चा तलाव सुमारे २.१५ मीटरचा होता, आणि त्यावरही बरीच चर्चा झाली. उलट १० मीटर उंचीवरून उडीच्या सरावाला खाली ५ मीटर पाणी हवे. एकाच टाकीत दोन्ही बसवण्याच्या हट्टात मधला उतार तयार होतो आणि नवशिक्याच्या पायाखालची जमीन तिथेच अचानक सुटते. उडीचा खड्डा वेगळा बांधणे हाच खरा उपाय.

तापमानाबाबतही तसेच. स्पर्धेला २५ ते २८ अंश सेल्सिअस लागते. थंड पाण्याची सवय व्हावी म्हणून काही प्रशिक्षक त्याहून कमी मागतात. २,५०० घनमीटर पाणी एका अंशाने तापवायला सुमारे २,९०० युनिट उष्णता लागते. आठवड्यात दोनदा असे वर-खाली करणे कोणत्याही बॉयलरला झेपणारे नाही. थंड पाण्याचा सराव छोट्या वेगळ्या टाकीत घ्यावा.

जखमी जवानांचा विचार अशा तलावात सर्वांत आधी व्हायला हवा. १९६५ च्या युद्धात जायबंदी झालेले मुरलीकांत पेटकर यांनी १९७२ मध्ये हायडेलबर्गच्या पॅरालिंपिकमध्ये ५० मीटर फ्रीस्टाइलचे सुवर्णपदक ३७.३३ सेकंदांत जिंकले. पाण्यात उतरवणारी खुर्ची, चाकाच्या खुर्चीला पुरेल एवढे रुंद दार आणि कठडे असलेली स्नानगृहे यांचा खर्च एका फिल्टरच्या तुलनेत किरकोळ असतो. पॅरा जलतरणात पाण्यातूनच सुरुवात करायला परवानगी आहे. तेव्हा ब्लॉकवर चढता येत नाही, या सबबीवर कोणाला नाकारता येत नाही.

तलाव स्पर्धेला देणाऱ्या प्रत्येक आस्थापनेकडे आमची मागणी अशी: स्पर्धेच्या आदल्या दिवशी गणवेशातला सराव किती वाजता संपला, त्यानंतर पाण्याच्या किती फेऱ्या झाल्या, मोकळा आणि बांधला गेलेला क्लोरीन, पीएच, तापमान आणि तळाची जाळी दिसते की नाही, याची सहीनिशी नोंद प्रवेशद्वाराशी लावावी. तीन फेऱ्या पूर्ण झाल्या नसतील तर शर्यत दुपारनंतर घ्यावी, आणि ती पुढे ढकलण्याचा अधिकार मुख्य पंचाकडे असावा.

आपले नम्र,
सैनिकी जलतरण तलावांवर काम करणारे काही प्रशिक्षक, पंच व जलशुद्धीकरण तंत्रज्ञ