कंट्रोल गेला म्हणून तवा फेकू नका

संपादक महोदय,

आमच्या आत्याने अमेरिकेतून आणलेला जुना इलेक्ट्रिक तवा आहे, थर्मोस्टॅटची, म्हणजे कंट्रोलची, दांडी बाजूच्या भोकात खुपसायची नि चालू करायचा, थालीपीठं काय सुरेख होतात त्यावर. मागच्या महिन्यात गरमच होईना. महाराणी रोडवर एका दुकानात नेला तर तो म्हणे कंट्रोल काढून टाकतो, डायरेक्ट वायर जोडून देतो! अहो, मग तापमान आवरणार कोण? तो कंट्रोलच तर ठराविक उष्णतेला करंट तोडतो. तसाच परत आणला.

घरी बघितलं तर तव्याच्या पिना काळ्या पडलेल्या, बारीक सँडपेपरने घासल्या, दांडी कोरड्या फडक्याने पुसून पार आतपर्यंत बसवली आणि झालं, लागला की. कंट्रोलवरचा लाइट मधेमधे विझतो ती बिघाडाची खूण नाही, तापमान झालं की विझणारच. डायल तपासायचं तर पाणी ठेवून बघा, इंदूर साधारण ५५० मीटर उंचीवर असल्याने इथे पाणी ९८ अंशांच्या आसपास म्हणजे २०८ फॅरनहाइटला उकळतं, डायल दीडशे फॅरनहाइटवर असताना खळखळायला लागलं तर कंट्रोल बिघडलाय समजा.

आधी दांडी तव्यात मग प्लग भिंतीत, काढताना उलटं. तवा धुताना कंट्रोल लांब ठेवा. आणि १२० व्होल्टचा तवा आपल्या २३० वर थेट लावू नका, जवळजवळ चौपट वीज खेचतो, स्टेप-डाउन ट्रान्सफॉर्मर लागतोच, तोही तव्याच्या वॅटपेक्षा मोठा.

– एक वाचक, इंदूर