वूलपिटच्या आजींना, एका शेंगेबद्दल

आजी,

हे पत्र मी मराठीत लिहितेय. इंग्रजीत लिहायचं तर 'थँक यू सो मच' म्हणून मोकळी होईन, आणि तेवढं तर इथे बसच्या ड्रायव्हरलाही म्हणतात.

जूनमधल्या त्या शनिवारी आम्ही वूलपिटला आलो ते खरं तर चिडून. मुलगा साडेसहा वर्षांचा. जानेवारीत पेणहून इकडे इंग्लंडमध्ये, सफोकमध्ये आलो, तेव्हापासून शाळेत त्याने तोंड उघडलं नव्हतं. घरी अखंड टकळी, शाळेचं फाटक आलं की कुलूप. शाळेतल्या बाईंनी उपाय सुचवला, घरी मराठी बंद करा. आम्ही मूर्खासारखं दोन आठवडे तेही केलं, तर तो घरीही गप्प बसायला लागला. मग एकदा वर्गात तुमच्या गावची गोष्ट झाली आणि एका पोराने याच्याकडे बोट करून 'ग्रीन बॉय' म्हटलं. पोरांचं मी मनावर घेत नाही. बाई हसल्या, ते मात्र अजून पोटात आहे.

गोष्ट मी रात्री बसून वाचली होती. राजा स्टीफनच्या काळातली, म्हणजे बाराव्या शतकातली. कापणीच्या दिवसांत लांडगे पकडायच्या खड्ड्यांपाशी दोन मुलं सापडली, भाऊ आणि बहीण. अंग हिरवं, कपडे वेगळेच, भाषा कुणाला कळेना. (गावाच्या नावातलं 'वूल' लोकरीचं नाही, लांडग्याचं, हेही तेव्हाच कळलं.) पुढे मुलीने सांगितलं म्हणे, की आमच्या देशात सूर्य नाही, कायम तिन्हीसांजेसारखा उजेड. न्यूबर्गच्या विल्यमने आणि कॉगशॉलच्या राल्फने, दोघा धर्मगुरूंनी, हे लिहून ठेवलं. आता कुणी त्या मुलांना परग्रहावरची म्हणतं, कुणी फ्लँडर्सहून (आजच्या बेल्जियमकडून) आलेल्या लोकांची अनाथ पोरं, उपासमारीने अंगातलं रक्त कमी होऊन हिरवट पडलेली.

तुम्ही यातलं काही सांगितलं नाहीत. चर्चच्या दाराशी बाकावर मांडीवर चाळण घेऊन तुम्ही ब्रॉड बीन्स सोलत होतात. आम्हाला म्हणालात, आत छताला लाकडी देवदूत आहेत, मान दुखेल पण बघून या. आम्ही परत आलो तर चिरंजीव तुमच्या शेजारी बसलेले.

मग तुम्ही फक्त भुकेचं सांगितलंत. की त्या मुलांपुढे काय काय ठेवलं, पण ती कशाला शिवेनात. की बीन्सचं झाड दिसल्यावर ती झडप घालून दांडे चिरायला लागली आणि आत दाणे नाहीत म्हणून रडायला लागली. तेव्हा जवळच्या कुणीतरी शेंग उघडून दाखवली. मुलांना ज्याच्या घरी नेलं त्या सरदाराचं नाव राल्फने लिहिलंय, रिचर्ड द काल्न. शेंग उघडणाऱ्याचं नाही लिहिलं. भाऊ पुढे दगावला, ते तुम्ही गाळलंत. माझ्याकडे एकदा बघितलंत आणि थेट बहिणीवर गेलात, ती इथली भाषा शिकली, मोठी झाली.

याचं नाव तुम्ही विचारलं नाहीत. 'बोलतो का हा?' हेही नाही. गेल्या पाच महिन्यांत भेटलेल्या प्रत्येकाने, डॉक्टरांपासून शेजाऱ्यापर्यंत, पहिलं तेच विचारलं होतं. तुम्ही एक शेंग उघडून त्याच्या तळहातावर ठेवलीत आणि आपल्या कामाला लागलात.

दाण्याची आतली साल तुम्ही सुरीने काढत होतात, आणि निम्मा दाणा सालीबरोबर जात होता. पेणच्या आजीबरोबर वालाची बिरडी सोलत बसलेल्या पोराला ते बघवेना. त्याने एक दाणा घेतला, नखाने टोचला, चिमटीत दाबला. दाणा सुटकन चाळणीत.

"असं," तो म्हणाला.

माझा हात नवऱ्याच्या दंडावर घट्ट. तुम्ही मान वर केली नाहीत. एक दाणा टोचून दाबलात आणि विचारलंत, "असौ?"

"असौ नाही. असं."

चाळण संपेपर्यंत तुम्हा दोघांचं तेच चाललं होतं. लोक भाषेच्या नावाने डोकी फोडतात, आणि इथे एका बाईने पंच्याहत्तरीत माझ्या मुलाचा एक शब्द उचलला, तोही चूक दुरुस्त करून घेत. असा भला माणूस भेटला की बाईंवरचा रागसुद्धा थोडा उतरतो. पूर्ण नाही.

शाळेत तो अजून फारसा बोलत नाही. घरी मराठी परत सुरू केलंय, त्यामुळे आता कानाला विश्रांती नाही. तुम्ही पिशवीत भरून दिलेल्या शेंगांची मी नारळ-गूळ घालून उसळ केली. वालाची सर नाही, खोटं कशाला बोलू. पण सोललं सगळं त्यानेच, आणि थोडी डब्यात काढून ठेवायला लावली. तुमच्यासाठी.

शनिवारी घेऊन येतो. सुरी मात्र घरीच ठेवा, असं त्याने बजावलंय.