लारिसा आणि आई

ती. आई-बाबांस,
सा. न. वि. वि.

गेल्या महिन्यात मला बेचाळीस पूर्ण झाली. तुम्ही फोन केलात तेव्हा मी फार बोलले नाही, कारण त्याच दिवशी पाहिलेला एक चित्रपट डोक्यातून जात नव्हता. तो जिनं दिग्दर्शित केला, त्या बाईला एक्केचाळीसच वर्षांचं आयुष्य मिळालं. आता मी तिच्याहून मोठी झाले.

तिचं नाव लारिसा शेपित्को. जन्म 1938 चा, युक्रेनमधला, तेव्हाच्या सोव्हिएत संघातला. वडील घर सोडून गेले, आईनं तिन्ही मुलांना एकटीनं वाढवलं. आई शाळेत शिक्षिका होती. हे वाचलं आणि मी पुढचं सगळं शोधून शोधून वाचलं.

सोळाव्या वर्षी ती मॉस्कोच्या चित्रपट संस्थेत गेली. दिग्दर्शन हे पुरुषांचं काम, असं तिला तिथे ऐकवलं गेलं. ती हटली नाही. नामवंत दिग्दर्शक दोवझेन्कोंसारखे गुरू मिळाले, पण दीड वर्षातच ते वारले. पदवीचा चित्रपट तिनं किर्गिझियाच्या (आजच्या किर्गिझस्तानच्या) माळरानावर केला. तिथे तिला कावीळ झाली, तेव्हा स्ट्रेचरवर पडून तिनं चित्रीकरण चालू ठेवलं. बाबा, तुम्ही तापात कामावर जायचात आणि आम्ही रागवायचो, ते आठवलं.

पण मला सांगायचंय ते 'पंख'बद्दल. 1966 चा चित्रपट, ती तेव्हा अठ्ठावीस वर्षांची. गोष्ट आहे नादेझ्दा पेत्रुखिना हिची: महायुद्धातली वैमानिक, आता चाळिशी ओलांडलेली, एका शाळेची प्राचार्य. सुरुवातीलाच शिंपी तिच्या अंगाची मापं घेतो. खांदे, छाती, कंबर. आकाशात लढलेली ही बाई फीत लावून मोजली जाते आणि ती अगदी ताठ उभी असते. आई, तू शाळेत प्रार्थनेच्या वेळी व्हरांड्यात तशीच उभी राहायचीस.

ती मुलांशी कडक वागते, मुलं तिला घाबरतात. दत्तक मुलगी लग्न करून मोकळी होते आणि तिला नंतर कळतं. मला तिथे थांबावं लागलं. मीही तुम्हाला सगळं ठरवून मग फोनवर सांगितलं होतं. तू "बरं" म्हणालीस आणि फोन बाबांकडे दिलास. इतकी वर्षं मी त्याला तुझा ताठा समजले.

मग तो प्रसंग येतो. रिकाम्या उपाहारगृहात ती आणि तिथली बाई गप्पा मारता मारता गाऊ लागतात, एकमेकींना धरून वॉल्ट्झ नाचू लागतात. गिरक्या घेता घेता लक्षात येतं की काचेबाहेर माणसं जमून बघतायत. दोघी थबकतात. इतकंच. आपला आनंद कुणी पाहिला म्हणून प्राचार्यबाई ओशाळतात. अठ्ठाविसाव्या वर्षी लारिसाला हे कुठून कळलं असेल? मला वाटतं, घरात रोज बघत आली असेल.

पुढे 1973 मध्ये गरोदर असताना ती पडली, मणक्याला इजा झाली. बाळ सुखरूप झालं, पण त्या दिवसांत मरण जवळून पाहून तिनं 'चढण' हा चित्रपट हाती घेतला. रशियातल्या मुरोमच्या बर्फात, उणे चाळीस अंशांत. नाझींच्या हाती लागलेले दोन सोव्हिएत गनिमी लढवय्ये: एक मोडत नाही, दुसरा जीव वाचवायला शत्रूचा पोलीस होतो. बाबा, तुम्हाला हा नक्की दाखवायचाय. शेवटी फासाखाली उभा असलेला तो पहिला, गर्दीतल्या एका लहान मुलाकडे बघतो, आणि त्या मुलाच्या डोळ्यांत पाणी येतं. त्या दोन चेहऱ्यांवर लारिसा घाई अजिबात करत नाही. 1977 मध्ये बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात त्याला सुवर्ण अस्वल, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार, मिळाला.

दोन वर्षांनी, 2 जुलै 1979 ला, नव्या चित्रपटाच्या कामावर असताना मोटार अपघातात ती गेली, सोबतचे सहकारीही. धरणाखाली जाणाऱ्या सैबेरियातल्या एका गावाचा तो चित्रपट होता. नवऱ्यानं, एलेम क्लिमोवनं, 'निरोप' नावानं तो पुरा केला. मुलगा तेव्हा जेमतेम सहा वर्षांचा होता.

'पंख'च्या शेवटी नादेझ्दा विमानतळावर जाते. एका उभ्या विमानात बसते, तरुण पोरं गंमत म्हणून ते ढकलू लागतात. आणि ती इंजिन चालू करते.

आई, मागच्या खेपेला मावशीनं सहज सांगितलं, की नोकरी लागण्याआधी तू शर्यतींत धावायचीस, जिल्ह्यात पहिली यायचीस. मला हे बेचाळिसाव्या वर्षी कळतंय. पुढच्या आठवड्यात रजा घेऊन येते. चित्रपट आपण तिघं मिळून बघू, पण त्याआधी मला ते धावणं ऐकायचंय. पायात काय घालायचीस, धावणं कुणी सोडायला लावलं, शेवटची शर्यत कधी. आणि बाबा, तुम्ही तिला धावताना कधी पाहिलं होतंत का?

तुमची,
ताई